तीन नंबर शेडमधली वेळ

सुजित लोमटे मूळचा कळंबकडचा, राहायला दिघीत आणि कामाला चाकणच्या एका कंपनीत, जिथे गाड्यांचे ब्रॅकेट बनत. बारा वर्षं पत्रा कापणाऱ्या प्रेसवर काढूनही त्याची दहाही बोटं शाबूत होती, याचा त्याला कोण अभिमान.

गेल्या जानेवारीत प्लँट हेड शेखर साहेबांनी तीन नंबर शेडमध्ये फ्रिजएवढी एक करडी पेटी बसवली. पेटीचा नॉब फिरवला की शेडच्या आतली वेळ पळायला लागायची. बाहेर आठ तास होईपर्यंत आत बारा उरकलेले असत. नारळ फोडून पेढे वाटून झाल्यावर सुजितने विचारलं, "साहेब, मग पगार बाराचा का आठचा?"

"गेटवरचं घड्याळ किती दाखवतं?"

"आठ."

"मग झालं तर. आपण कायद्याबाहेर जात नाही."

जेवणाची सुट्टी मात्र शेडबाहेर, कँटीनमध्ये. आत बसून जेवलं तर अर्ध्या तासाचा पाऊण तास व्हायचा आणि ती चैन साहेबांच्या डोळ्यांवर आली असती.

सकाळी दाढी करून गेलेला सुजित दुपारी खुंट वाढवून घरी यायचा आणि चहा पुढ्यात येईपर्यंत बसल्याबसल्या झोपायचा. बायको स्वरूपा म्हणाली, "सोडा ती कंपनी." तो म्हणाला, "दुसरीकडेही पेटी येणारच की."

मार्चमध्ये ग्राहक कंपनीचे लोक तपासणीला यायचे होते, आणि माल दहा हजार नगांनी कमी होता. कामगार जेवायला गेले तसे साहेब एकटेच शेडमध्ये शिरले. आपोआप चालणारी लाइन सुरूच होती. जेवणं आटोपेपर्यंत नग पुरे करायचे म्हणून त्यांनी नॉब दहावर नेला. तेवढ्यानेही समाधान होईना, म्हणून आणखी जोर लावला. नॉब निखळून हातात आला.

कँटीनच्या खिडकीतून सुजितला शेडचे पत्रे गंजून लाल होताना दिसले. भिंतीतून पिंपळाचं रोप निघालं आणि त्याची चपाती संपायच्या आत छप्पर फोडून वर गेलं. सगळे हात तोंडाशी थांबवून बघत राहिले. साहेबांना आत शिरताना पाहिलेला सुजित खरकट्या हाताने विजेच्या खोलीकडे धावला आणि त्याने शेडचा मेन स्विच खाली ओढला. पत्र्यांची करकर थांबली.

आतून साहेब भिंतीला धरत बाहेर आले. पांढरी दाढी छातीपर्यंत, पाठीला पोक. चाळीसएक वर्षं त्यांच्या अंगावरून इतक्या घाईने गेली होती की भूक लागायलाही सवड मिळाली नव्हती. सुजितने त्यांना पाठीवर घेऊन गेट गाठलं. तिथल्या मशीनने साहेबांचा चेहरा ओळखला नाही आणि अनोळखी माणसाला पासशिवाय बाहेर सोडता येत नाही, असं वॉचमनचं म्हणणं पडलं. सुजितने गेटची साखळी स्वतःच काढली.

चौकशी समितीने आठवड्यात अहवाल दिला. शेडचं छप्पर जुनं झाल्यामुळे फुटलं, दोष कुणाचा नाही. साहेबांचं वय अठ्ठावन्नच्या पुढे गेल्याने त्यांना निवृत्त करण्यात आलं. विनापरवानगी वीज बंद केल्याबद्दल सुजितला कारणे दाखवा नोटीस मिळाली. त्याने उत्तरात लिहिलं, "मी जेवत होतो. आत माणूस होता." लोकांनी खूप सांगूनही त्याने त्यात पुढे एक अक्षर वाढवलं नाही.

उत्तर देऊन तो परस्पर साहेबांच्या घरी गेला. साहेबांची आई छबूबाई पासष्टीची, कंपनीच्या जागेवर एकेकाळी कांदा लावणारी. ती ओट्यावर बसून मुलाला पेज भरवत होती.

"पहिल्या दिवशी वळाखलाच न्हाई बग," ती सुजितला म्हणाली. "म्हनलं, आमचे सासरे कसे काय उठून आले? मग शिंकला, तवा कळलं आपला शेखर हाय."

साहेबांनी सुजितकडे पाहिलं. "नग पुरे झाले का रे?"

"झाले होते, साहेब. सगळे गंजून गेले."

सुजितला इतके दिवस त्यांचा राग होता. आता तो शोधूनही सापडेना, याचंच त्याला वाईट वाटलं.

"आ कर," छबूबाई म्हणाली. साहेबांनी मुकाट्याने तोंड उघडलं.