रामदास पेंटरांचा रेघेचा ब्रश

मित्रांनो, मी रामदास पेंटरांचा एक जुना ब्रश आहे. सुरतेत, भेस्तान भागातल्या एका खोलीत, खिडकीजवळच्या डब्यात मी उभा असतो. या डब्यात एके काळी माझे भाऊबंद पुष्कळ होते. कोणी अक्षरांच्या पोटात रंग भरायचे, कोणी कडा कापायचे. माझे काम एकच होते. अक्षरे लिहून झाली की त्यांच्या डोक्यावरची आडवी रेघ मी ओढायचो. शिरोरेषा.

माझी दांडी सागवानी आणि केस घोड्याच्या शेपटीचे. मला घडवले पाट्या रंगवणाऱ्या प्रभाकर मास्तरांनी. रामदास विशीत असताना खानदेशातून सुरतेला आले, कापडाच्या लूमवर, म्हणजे यंत्रमागावर, कामाला लागले, पण त्यांचे डोळे सारखे भिंतींवरच्या अक्षरांकडे जायचे. मास्तरांनी त्यांच्या हाताला वळण लावले. पाच वर्षांनी मला त्यांच्या हाती दिले आणि म्हणाले, "रामदास, साध्या ब्रशाने लिहिलेली अक्षरं म्हणजे नुसती अक्षरं. पण या ब्रशाने, एका श्वासात, न तुटता रेघ ओढलीस, तर ज्या वस्तूवर शब्द लिहिशील ती वस्तू तशी होईल. रेघ टिकेल तोवरच हं. माणसावर लिहू नकोस, माणसाला ते लागू पडत नाही. आणि दर रेघेला याचे चार केस गळतील, तेव्हा जपून."

सुरत गुजरातीत वाचते आणि गुजराती अक्षरांना डोक्यावर रेघ नसते. म्हणून दुकानांच्या पाट्या लिहिताना मी डब्यात निवांत असायचो. पण काही कामे माझीच होती. सुकदेव किराणावाल्यांच्या दुकानाबाहेरच्या माठावर रामदासांनी 'थंड' लिहिले आणि मी रेघ ओढली. त्या वैशाखात लूमवरून सुटलेले कामगार तिथे पाणी पिऊन तोंडावर हात फिरवत आणि म्हणत, "वा!" बसथांब्याच्या तापलेल्या पत्र्यावर आम्ही 'सावली' लिहिले. त्याच्याखाली गाभण शेळ्यासुद्धा येऊन बसायच्या. मिठाईवाल्याने मात्र डालड्याच्या डब्यावर 'शुद्ध तूप' लिहायला सांगितले, तेव्हा रामदासांनी मला खिशात घातले आणि सायकलवर टांग टाकली. ते दिवस आठवले की आजही माझ्या दांडीला टर्पेंटाइनचा वास येतो.

एकदाच ते मला घेऊन बराच वेळ नुसते बसून राहिले. त्यांच्या पत्नी छायाताई आजारी होत्या. डॉक्टरांनी हात टेकल्यावर त्यांना घरी आणले होते. रामदास त्यांच्या उशाशी बसले होते, मी त्यांच्या मुठीत होतो. छायाताईंनी डोळे उघडले आणि हसून म्हणाल्या, "ठेवा तो. माणसावर चालत नाही ना? प्रियांकाला लिहायला शिकवा त्यापेक्षा." त्या गेल्या तेव्हा त्यांची मुलगी प्रियांका सात वर्षांची होती.

प्रियांका गुजराती शाळेत जायची. मराठी लिहायची तेव्हाही अक्षरांवर रेघ द्यायला विसरायची. रामदास म्हणायचे, "अगं, अक्षरांच्या डोक्यावर छप्पर नको का?" ती म्हणायची, "आमच्या वर्गातल्या बेनला चालतं, पप्पा!" मग त्यांच्या हातावर हात ठेवून ती वहीभर रेघा ओढायची. वाकड्यातिकड्या.

त्याच सुमारास शेजारच्या दुमजली इमारतीतल्या सरलाबाई आमच्याकडे आल्या. वरच्या मजल्यावर सगळी लूम-कामगारांची बिऱ्हाडे होती आणि बाहेरून एकच सिमेंटचा जिना. सरलाबाई म्हणाल्या, "भाऊ, हाऊ जिना हालस. पोरे उतरतस तवय मन्हा जीव थारावर राहत नही. सेठ म्हणस, करसू, करसू."

रामदासांनी त्याच दुपारी जिन्याच्या बाजूला 'भक्कम' लिहिले. मी रेघ ओढली. जिना हलायचा थांबला. सरलाबाईंनी तीन वेळा वरखाली जाऊन पाहिले आणि आम्हाला गूळ-शेंगदाणे दिले. मला फार अभिमान वाटला, मित्रांनो. पण घरमालक सेठनी जिन्यावर पाय आपटला आणि म्हणाले, "बहु सरस! हवे रिपेरिंगनी शी जरूर?" म्हणजे आता दुरुस्तीची गरजच काय!

"सेठ, हा रंग आहे, सिमेंट नाही," रामदास म्हणाले.

सेठ हसले. दर वर्षी रामदास जाऊन आठवण करून द्यायचे, दर वर्षी सेठ हसायचे. मग रामदासांनीही जायचे सोडले. जिना उभा होता, लोक चढत-उतरत होते. चूक माझीही होती असे मला वाटते.

पुढे फ्लेक्स आले. तासाभरात छापून मिळणाऱ्या पाटीसाठी दोन दिवस कोण थांबणार? डब्यातले माझे भाऊबंद एकेक करून वाळले आणि गेले. रामदासांचे हात थरथरू लागले. प्रियांका मोठी होऊन फ्लेक्सच्याच दुकानात कॉम्प्युटरवर काम करू लागली. तिथे अक्षरांवरची रेघ आपोआप येते. मी खिडकीत धूळ खात राहिलो. माझे जेमतेम आठच केस उरले होते.

गेल्या दिवाळीच्या आधीची गोष्ट. सेठनी इमारतीचे रंगकाम काढले होते. मजूर जुना पोपडा खरवडत होते. सकाळी अकराच्या सुमारास एकाच्या खरवडायच्या पत्र्याखाली 'भक्कम'ची रेघ गेली आणि जिन्याला मधोमध चीर पडली. सरलाबाई, त्यांची सून, सुनेचे बारा दिवसांचे बाळ आणि आणखी पाच जण वर अडकले. बंब निघाला होता, पण जिन्याला जोडलेली गॅलरीही कलायला लागली होती.

प्रियांका धावत घरी आली. "पप्पा, चला ने! ब्रश कुठे आहे?"

रामदासांनी मला रंगात बुडवले, रेघ गेलेल्या अक्षरांच्या डोक्याला टेकवले आणि त्यांचा हात थरथरला. रेघ तुटली. माझे चार केस गेले. वरून वाळू गळत होती. त्यांनी मला प्रियांकाच्या हातात दिले.

"मला नाही येत, पप्पा. मी कधी सरळ ओढलीय?"

"सरळ नको. अखंड हवी. श्वास घे आणि मध्ये सोडू नकोस."

तिने घामेजला हात कपड्याला पुसला. श्वास घेतला आणि 'भ'पासून 'म'पर्यंत मला नेले. रेघ वाकडी आली, डोंगराच्या कडेसारखी. तुटली मात्र नाही. चीर मिटली. आधी बाळ उतरले, मग सून, मग बाकीचे, आणि सगळ्यांच्या शेवटी सरलाबाई, प्रत्येक पायरीला हात लावत.

टाळ्या वाजल्या. सेठ घाम पुसत म्हणाले, "पेंटर, हवे तो पाकुं थई गयुं ने?" आता तर काम पक्के झाले, असे त्यांना वाटले.

रामदासांनी लांब बांबूला घासलेटचे फडके बांधले. लोकांना मागे सारले.

"पप्पा, ती माझी पहिली अखंड रेघ आहे," प्रियांका हळूच म्हणाली.

"माहीत आहे, बेटा. म्हणूनच तू पूस."

तिने बांबू हातात घेतला. क्षणभर रेघेकडे पाहिले आणि पुसली. जिना धाडकन खाली बसला. धूळ खाली बसली तेव्हा सरलाबाई सेठसमोर उभ्या होत्या. "आते बांध," त्या म्हणाल्या. फुटक्या जिन्यात गंजलेल्या सळ्या सगळ्यांना दिसत होत्या. या वेळी सेठ हसले नाहीत. सव्वा महिन्यात नवा जिना झाला, लोखंड घालून, नीट पाणी मारून.

प्रियांकाची रेघ ओढतानाच माझे शेवटचे केस रंगाला चिकटून गेले होते. मी आता कशालाच काही करू शकत नाही. तरी रविवारी प्रियांका साधा ब्रश घेऊन बसते आणि रामदास शेजारी बसून तिचे वळण पाहतात.

मित्रांनो, चांगला शब्द लिहिला म्हणजे काम संपले असे समजू नका. तो शब्द ज्याच्या आधाराने उभा आहे ते आधी बघा, चिरा पडल्या असतील तर सांधा. आणि आपल्या हातचे सुंदर अक्षर कोणाच्या आळसाला झाकत असेल, तर ते पुसायला घाबरू नका.