केमोला सोबत

सत्यशीला मूळची हिंगोलीची. वडील गोपाळराव देवळात पूजा करायचे. मुंबईत शिकून ती कॅन्सरची डॉक्टर झाली, नांदेडच्या मोठ्या दवाखान्यात लागली आणि दर मंगळवारी हिंगोलीत येऊन पेशंट तपासू लागली. लोक तिच्या हाताला गुण आहे म्हणायचे. पण तिला एक गोष्ट सलायची. कितीतरी बाया उपचार अर्धवट सोडायच्या. फोन केला की उत्तर यायचं, "बघू, पुढच्या आठवड्यात."

असं का होतं, यावर तिनं संशोधन सुरू केलं. गावोगाव फिरून विचारलं. लांबचा प्रवास, खर्च, शेतीची कामं, अशी कारणं कळली. पण ज्यांना यातलं काहीच आडवं येत नव्हतं, त्यासुद्धा का थांबल्या, हे कोडं सुटेना.

मग एका सकाळी अंघोळ करताना तिच्या स्वतःच्याच छातीत गाठ हाताला लागली.

ऑपरेशन नीट झालं. केमो सुरू झाली. केस गेले, तोंड आलं, भाताचा वास सहन होईना. विश्रांतीसाठी ती हिंगोलीला वडिलांकडे येऊन राहिली. तिसऱ्या केमोच्या आदल्या दिवशी गोपाळरावांनी गाडी सांगू का म्हणून विचारलं, तर ती भिंतीकडे तोंड करून म्हणाली, "बाबा, पुढच्या आठवड्यात बघू."

गोपाळरावांनी तिच्या अंगावर पांघरूण घातलं आणि ते उशाशी बसले.

त्याच दुपारी सिंधूबाई आली. ही कळमनुरीकडची, नवरा ज्ञानबा आणि ती मेंढ्या राखायची. काही वर्षांपूर्वी सत्यशीलानंच तिला कॅन्सरमधून बरं केलं होतं. डॉक्टरीणबाईच आजारी पडल्याचं मंगळवारी दवाखान्यात कळलं, तशी ती पत्ता विचारत आली. उद्याच्या केमोचं गोपाळरावांनी तिला दारातच सांगितलं.

"उद्या सुई हाय म्हनं तुमची?"

"नाही जाणार मी."

"काहून?"

सत्यशीलानं आजवर कुणाला सांगितलं नव्हतं ते सांगितलं. "भीती वाटते, सिंधूबाई. सगळं माहीत असून वाटते."

सिंधूबाईनं धीर दिला नाही की समजूत घातली नाही. "व्हय, वाटतीच," ती म्हणाली. "मला तर त्या खुर्चीत बसलं की पळून जावं वाटायचं. शेजारी कुणी असलं की जरा बराबर वाटायचं. मी येते उद्या तुमच्यासंगं."

"तुमची जनावरं?"

"त्यांचा बाप हाय की घरी!"

सत्यशीलाला कितीतरी दिवसांनी हसू आलं.

दुसऱ्या दिवशी दोघी नांदेडला गेल्या. सलाईन चालू होतं तोवर सिंधूबाई तिचा हात धरून बसली. कुठल्या मेंढीला जुळं झालं, कोणती स्वतःच्याच पिलाला पाजत नाही, असलं काहीबाही सांगत राहिली. पुढच्या प्रत्येक केमोला ती आली.

बरी होऊन कामावर रुजू झाल्यावर सत्यशीलानं दवाखान्याच्या प्रमुखांपुढे एकच मागणी ठेवली. प्रत्येक नव्या बाईला, या दुखण्यातून उठलेली एक बाई सोबत द्यायची. सोबतिणीचा प्रवास आणि जेवण दवाखान्यानं बघायचं. प्रमुख म्हणाले, याचा उपयोग होतो असा पुरावा काय? "तोच गोळा करते," ती म्हणाली.

पुरावा उभा करायला तीन वर्षं गेली. सोबत मिळालेल्या बायांनी उपचार अर्धवट सोडणं बरंच कमी झालं होतं. दवाखान्यानं योजना कायमची केली. सत्यशीलानं त्यावर शोधनिबंध लिहिला आणि शेवटी आभारात सिंधूबाईचं नाव घातलं.

छापून आल्यावर हिंगोलीच्या दवाखान्यात तिनं तो सिंधूबाईला दाखवला. "हे बघा, इथं तुमचं नाव. तुम्ही आला नसता तर मी हे लिहायला नसते."

सिंधूबाईनं अक्षरांवरून बोट फिरवलं. डोळे भरून आले, ते तिनं पदरानं टिपले. मग विचारलं, "आन ह्यांचं कुठं हाय? मी तुमच्यापाशी बसले, तवा मेंढरामागं उन्हात कोन हिंडलं?"

सत्यशीला खुर्चीवरून उठली. ज्ञानबा बाहेर बाकावर बसला होता. रांगेतल्या सगळ्या बायांदेखत तिनं त्याच्यापुढे हात जोडले.

"ज्ञानबाभाऊ, तुमचे आभार मानायचे राहिले होते."

तो गडबडून उभा राहिला. "अवं, हे काय करून राहिले बाई तुमी?" असं म्हणत त्यानं बाकावरची आपली जागा हातानं झटकली आणि तिला बसायला दिली.