करंगळीच्या शेजारचं बोट

थोरल्याचं वागणं म्हणजे ताळतंत्र सोडलेलं. पडद्यांच्या दुकानाचा मालक, दोन पोरांचा बाप, आणि घरात जो दिसेल त्याचा हात धरून टेबलावर पालथा घालत सुटला होता. "मधलं बोट आत दुमडा. बाकीची टेकवा. आता करंगळीच्या शेजारचं उचला." कुणाचंच उठेना. मग हा कपाळाला हात लावून "मेलो!" म्हणायचा. दूधवाल्यालासुद्धा सोडलं नाही. तो बिचारा दूध ओतायचं विसरून दारातच बोट उचलत बसला आणि दूध मांजरानं प्यायलं.

हे खूळ बोटबाबाचं. पाववाल्याच्या अंगणात त्यानं ठाण मांडलं होतं आणि अख्खी गल्ली तिथं लोटली होती. खांद्यावर पोरं, पोरांच्या खांद्यावर आणखी पोरं.

"मधलं बोट म्हणजे अहंकार! दुमडा त्याला!" बाबा गरजला. फळ्यांवर, पाट्यांवर, एकमेकांच्या पाठीवर हात पालथे पडले. "आता अनामिका उचला! उठतेय? नाही? का नाही? बसलंय कुणीतरी तिच्यावर! घरात जे सगळ्यात शेवटी आलं, तेच बसलंय!"

मग तो एकाला पुढे बोलवी, बोटाला हिरवं तेल चोळी, आणि म्हणे, "अहंकार गेला, सोडा त्याला. आता अंगठा म्हणजे लोभ, तो दुमडा. ठेवा हात. उचला!" बोट टुणकन उठे. शिट्ट्या, टाळ्या, बायकांचे डोळे पाण्यानं भरलेले.

"पण हे तात्पुरतं बरं का," बाबा बोट नाचवत म्हणे. "शेवटी आलेलं बाहेर गेल्याशिवाय कायमची सुटका नाही."

झालं. पाववाल्याकडे शेवटी आली होती नवी भट्टी. त्यानं ती रस्त्यावर ओढून काढली आणि गल्लीला कच्चे पाव खाऊ घातले. न्हाव्याच्या घरी आदल्या दिवशी सगळ्यात उशिरा न्हावीच आला होता, म्हणून बायकोनं त्यालाच खुर्चीसकट बाहेर बसवलं.

थोरल्याची आई, जिला सगळी गल्लीच आई म्हणत असे, हे ऐकून खदखदून हसली. पण घरी आली आणि तिचं हसू आटलं. जिन्याखाली धाकट्या सुनेची बॅग भरून ठेवली होती.

"शेवटी हीच आली ना आपल्याकडे," थोरला म्हणाला. "बाबा सांगतील तोवर माहेरी राहू दे."

धाकट्यानं आधी बायकोकडे बघितलं, मग भावाकडे, मग पंख्याकडे. मग उठून त्यानं पंख्याचा वेग वाढवला.

आईला धाकटी फार लाडकी होती असं नाही. तिचा चहा पाणचट, आणि उलट उत्तर कायम जिभेवर तयार. पण आपल्या घरातून कुणी जायचं हे परका माणूस ठरवणार? आई तडक स्वयंपाकघरात गेली.

"तू इस्पितळात मोडक्या हातांना प्लॅस्टर घालतेस ना? मग तुला तोंड नाही?"

"मी सांगितलं दादांना. ते म्हणाले, बोटावर बसलेलं भूत स्वतःहून कधी कबूल करतं का?"

"मला सांग. सोप्या भाषेत. मी चार बुकंसुद्धा धड शिकलेली नाही."

सुनेनं सासूचा हात ओट्यावर पालथा ठेवला. "ही बघा, मनगटाकडून बोटांकडे जाणारी दोरी. प्रत्येक बोटाला एक, ती ओढली की बोट वर. पण मधल्या आणि शेजारच्या बोटाच्या दोऱ्या इथं पट्टीनं एकमेकींना बांधलेल्या असतात. मधलं दुमडून दाबून धरलं की शेजारची दोरीही खालीच अडकते. अंगठ्याजवळच्या पहिल्या बोटाला आणि करंगळीला स्वतःची जास्तीची दोरी आहे, म्हणून ती उठतात. अंगठ्याचं तर सगळंच वेगळं."

आईनं मधलं दुमडून शेजारचं उचलून बघितलं. हललं नाही. मधलं सोडलं. उठलं.

"अगंबाई! म्हणजे पडद्याच्या दोन पट्ट्या एका दोरीत ओवल्या आणि एक खिळ्याला अडकली, तसं!"

"अगदी तसंच, आई."

"आणि चहा पातळच करतेस हां तू," आई म्हणाली आणि पदर खोचून बाहेर पडली.

दुसऱ्या दिवशी घर शुद्ध करायला बाबा घराखालच्या दुकानात आला. मागोमाग गल्ली. कापड कापायच्या लांब टेबलाशी आई हात पालथा ठेवून बसलेलीच.

"आधी माझं बोट उठवा महाराज, मग सून जाईल."

बाबानं तेल चोळलं. "अहंकार सोडा माई, लोभ दुमडा."

"लोभ दुमडते. अहंकार राहू दे दुमडलेला. माझा जरा जास्तच आहे, मोकळा सोडला तर चावेल."

"तसं चालत नाही माई."

"का? बोट लोभामुळं उठतं की अहंकार सोडल्यामुळं? चोळा आणखी. सगळी बाटली ओता."

बाबानं ओतली. टेबलावरचं कापड हिरवं झालं. बोट उठलं नाही.

"भूत फार जुनं आहे," बाबा घाम पुसत म्हणाला.

"मग तुम्ही दाखवा." आईनं त्याचा हात ओढला, मधलं बोट दुमडलं आणि त्यावर कात्रीची जड मूठ ठेवली. "उचला."

बाबाची करंगळी उठली. पहिलं बोट उठलं. भुवया उठल्या. जटा हलल्या. ते एक बोट मात्र टेबलाला चिकटलेलं.

"बाबा," न्हाव्यानं मागून काळजीनं विचारलं, "तुमच्या घरी शेवटी कोण आलं?"

दुकान हसून हसून गडगडलं. बाबानं हात सोडवला आणि निघाला. तेलकट चपला घसरल्या तेवढं त्याला दारात थांबावं लागलं.

आईनं भिंतीवरचा पट्ट्यांचा पडदा धरला. एक पट्टी हातानं दाबली आणि दोरी ओढली. शेजारची पट्टी जागची हलली नाही. हात काढला, दोन्ही वर गेल्या. "एवढंच आहे. तुमचं, माझं, राजाचं, चोराचं, सगळ्यांचं असंच. घरी जाऊन करून बघा. आणि कुणी काही चमत्कार दाखवला की त्याला म्हणा, तुझ्या हातावर दाखव. पाववाले, भट्टी आत घ्या आता, माणसं पोटदुखीनं मरतायत."

मग ती थोरल्याकडे वळली. तो पंख्याकडे बघत होता.

"इकडे बघ. जन्मभर दोऱ्या ओवल्यास आणि स्वतःच्या हातातली दिसली नाही तुला. घरातली पोर सांगत होती, तिला भूत म्हणालास; तेल चोळणाऱ्याला देव म्हणालास. बॅग तू खाली आणलीस, तूच वर ने. तिची माफी माग, आणि हे कापड धू. पुन्हा कुणाच्या सांगण्यावरून माझ्या घरातलं माणूस काढायला निघालास, तर शेवटी कोण आलं ते मी विचारायची नाही. पहिला कोण जाणार, ते सांगेन."