आमेनला उशीर

मोतुलेआ बेटाचा प्रतिनिधी म्हणजे मी, आलापाती. फोनोत, म्हणजे आमच्या विधिमंडळात, मला बोलता येतं, मत देता येत नाही. बेटावर आता माणूस नाही, नुसती थडगी आहेत. म्हणून सगळे मला 'बिनमत्या' म्हणतात. त्या सकाळी सभापतीची निवड होती. जुना सभापती तौइली पुन्हा आला की माझी खुर्ची काढणार, हे त्याने जाहीरच केलं होतं.

तौइलीच्या बाजूची मतं नऊ, विरोधात आमची नऊ. बरोबरी झाली तर जुनाच कायम. आमचा दहावा, पेनिएली, पलीकडच्या बेटावरून होडीने निघालेला, आणि समुद्र खवळलेला. दहा वाजले, म्हणजे आधी प्रार्थना आणि लगेच मतदान.

"चला बिनमत्या, प्रार्थना तरी तू सांग," तौइली हसत म्हणाला. "तेवढंच तुझ्या हातून होऊ दे. आणि आटोपशीर हं!"

इथेच तो चुकला. आमच्याकडे प्रार्थना मध्येच कोणी थांबवत नाही, आभाळ कोसळलं तरी.

मी सुरू केली. राज्यपाल झाले, शाळा झाल्या, नारळाची झाडं झाली, दवाखान्यातल्या नर्सबाई झाल्या. डोळे किलकिले करून दाराकडे बघत होतो. कोणी नाही. तेवढ्यात तौइलीने एक डोळा उघडला आणि थेट माझ्यावर रोखला. कळलं लेकाला! त्याने तोंड उघडलं. तो मोठ्याने 'आमेन' म्हणाला की मागोमाग अख्खं सभागृह म्हणणार, प्रार्थना संपणार, आणि मी मेलो.

"आणि देवा," मी घाईघाईने म्हणालो, "मोतुलेआच्या मातीत निजलेल्यांना सांभाळ. सिओनेला. फेतूला. तौइलीच्या आईला, साओफेतालाईला. विहिरी आटल्या तेव्हा तिने आपल्या वाटचं पाणी शेजारच्या पोरांना पाजलं."

तौइलीचं तोंड मिटलं. डोळाही मिटला. मी एकेक थडगं घेत गेलो. एकतिसाव्या नावाला पेनिएली दारात उभा, नखशिखांत भिजलेला.

"आमेन," मी म्हणालो.

दहा विरुद्ध नऊ. माझी खुर्ची राहिली.

बाहेर तौइलीने मला गाठलं. म्हटलं, आता शिव्या खायच्या.

"आलापाती," तो म्हणाला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्याने मला नावाने हाक मारली. "आईचं नाव मनापासून घेतलंस, की वेळ काढायला?"

फोनोत मला बोलण्याचा तेवढा एक हक्क होता. पण तिथे, त्याच्यासमोर, तोंडातून शब्द फुटेना.