गायरानातल्या खळ्याची मेढ

मी मेढ. वालूरच्या शिवारातल्या, पंडितच्या खळ्याची. आताच्या पोरांना मेढ म्हणलं की कळत नाही, म्हणून सांगते. खळ्याच्या मधोमध खांब रोवायचा, त्याला दाव्यानं बैल जुंपायचे. बैल गोल गोल फिरायचे आणि त्यांच्या खुरांखाली कणसातून ज्वारी सुटायची. तो मधला खांब म्हणजे मी.

जात माझी बाभळीची, आणि जन्म त्याच रानातला. रान कसलं, सरकारी गायरान. नुसते काटे अन् दगडगोटे. पंडित आणि त्याची नवी नवरी लक्ष्मीबाई, दोघांनी ते फोडायला घेतलं, तर मी वाटेत आडवी. पंडितनं कुऱ्हाड घातली, लक्ष्मीबाई साल सोलायला बसली. सोलता सोलता म्हणाली, "लय चिवट हाय हो ही."

"तुज्यावानीच हाय," पंडित म्हणाला.

पहिल्या सुगीला तिनं खळं सारवलं. ओल लागू नये म्हणून माझ्या खड्ड्यात तळाला एक चपटा दगड ठेवला, माझ्या डोक्याला कणसांची पेंडी बांधली. मला वाटलं, आता मी इथलीच.

पण त्या घराला भीतीनं घेरलेलं. सरकारची जमीन कसतो म्हणजे बेड्याच पडणार, हे पंडितच्या मनातून जाईना. तलाठी यायचा सुगी सरल्यावर, उन्हाळ्यात. तो निघाल्याची कुणकुण लागली की पंडित पळत यायचा, "उपटा मेढ! सायब यायलाय!" मग मला उपटायचं, खड्डा बुजवायचा, कापलेल्या ज्वारीची धसकटं वेचायची, सारवलेल्या खळ्यावर काट्या पसरायच्या. मी गोठ्यात आडवी. तलाठी बघायचा, 'पड', म्हणजे कुणी न कसलेली, असं लिहायचा, निघून जायचा. पंडित खुशीत म्हणायचा, "चुकवलं बघ!"

शेजारचा सिताराम मात्र आपल्या खळ्यात बिडी ओढत बसून राहायचा. त्याला दंड व्हायचा, हातात पावती पडायची. पंडित त्याला हसायचा, "येडा का खुळा तू? आयता सापडतूस!"

त्याच दंडाच्या पावत्या जुन्या ताब्याचा पुरावा म्हणून दाखवून पुढं सितारामची जमीन त्याच्या नावावर झाली. ते बघायला पंडित राहिला नव्हता. बरंच झालं म्हणते.

मळणीची यंत्रं आली आणि माझं काम संपलं, मी कायमची गोठ्यात. लक्ष्मीबाईची सून सुकेशनी माझ्यावर गोधड्या वाळत घालायची. तेवढंच.

अन् परवा गावात बातमी आली, गायरानात सोलरच्या पाट्या बसणार. ज्याचा जुना ताबा त्याची सुनावणी, बाकीच्यांनी रान सोडायचं. मोजणीला साहेब आला. चांगला माणूस होता, आवाजसुद्धा चढवला नाही.

"आजी, आमच्या दप्तरात ही जागा दरसाल पड आहे."

"आमीच पड दाखवली की, सायब. तुमी येणार म्हणून."

साहेबानं हातातला कागद पुन्हा चाळला. मग म्हणाला, "आता मी काय लिहू, सांगा."

लक्ष्मीबाईनं सुनेला हाक मारली, "सुकेशनी, मेढ आण गं."

लेक नागेश चिडला. "माय, लाकूड दाखवून कुठं जमीन मिळत असती का? हसं करून घेयलीस."

"हसू दे. लपून लय दिस काढले."

ती रानाच्या मधे गेली, पायानं चाचपलं, खाली बसली. "हितं खांद." नागेशनं पहार घातली. वरची भुसभुशीत माती निघाली, खाली बैलांच्या खुरांनी घट्ट झालेली भुई लागली, आणि तिच्या मधोमध माझा खड्डा. तळाला तोच चपटा दगड. मला उभी केली तर मी अशी बसले, जशी कधी निघालेच नव्हते. माझ्या कमरेला दाव्यानं पडलेली खाच लक्ष्मीबाईनं साहेबाला बोट लावून दाखवली.

साहेबानं वाकून फोटो काढला. "आजी, खांब दिसला, खड्डा दिसला, एवढं लिहितो. किती जुना, ते मला नाही लिहिता येत. सुनावणीला तालुक्याला, सेलूला या."

"तेवढं तरी लिवा. आजवर तेवढंबी कुनी लिवलं नव्हतं."

साहेबाची जीप वळली, तसं नागेशनं मला दोन्ही हातांनी कवळा घातला. उपटायला. कुणी सांगितलं नव्हतं. बापाचं बघून हाताला लागलेली सवय. मी हलले.

लक्ष्मीबाईनं त्याच्या मनगटावर हात ठेवला. "राहू दे रे. ह्या उपटण्यानंच आपला घात झाला."

तेव्हापासून मी उभी आहे. सुनावणी व्हायचीय. लक्ष्मीबाई रोज येते, माझ्या बुडाशी माती दाबते. जमीन राहील का जाईल, मला ठाऊक नाही. वाळवी लागेल, लागू दे. पाट्या बसवायला आले तर आधी मलाच काढतील, तेही कळतं मला.

पण बायाबापड्यांनो, या बाजूनं गेलात तर घटकाभर मान वळवून माझ्याकडं बघा. लपण्यात जन्म गेला माझा. उद्या कुणी विचारलं, तर एवढंच सांगा, की हितं मेढ उभी होती, आमी बघितली.