चुकांची वही

सासूबाईंना दोन जावई. थोरला वर्तमानपत्रात, धाकटा रेडिओवर. थोरल्याचं वाचायचं तर चष्मा शोधावा लागे, धाकट्याचं ऐकायचं तर नुसतं बटण फिरवलं की झालं. आणि सासूबाईंचा चष्मा गेली कित्येक वर्षं सापडत नव्हता.

“जावईबापू, खुर्ची पुढं घ्या की,” त्या थोरल्याला म्हणाल्या. “तिथून नीट ऐकू यायचं नाही.”

“येतं ऐकू. तो काही कुजबुजत नाही.”

रविवारचे अकरा वाजत आले होते. कपाटावरच्या रेडिओचं विणलेलं आच्छादन आज धुऊन, ताठ करून घातलं होतं. धाकट्याला रेडिओवर आज पंचवीस वर्षं पुरी होत होती. एरवी रविवारी तो मैदानांचं बोले. आज स्वतःचं बोलणार होता. मी इथवर कसा आलो ते सांगणार, आणि मग लोकांचे फोन. धाकटी ठेवणीतले कपडे घालून त्याच्याबरोबर स्टुडिओत गेली होती.

बोलावणं थोरल्यालाही होतं. आठवड्यापूर्वी धाकट्यानं स्वतः फोन केला होता. “मास्तर, पाच मिनिटं या. बातमी लिहायला कुणी शिकवलं, लोक विचारतात. दाखवतो तरी त्यांना.”

“मला खेळाचं पान लावायचंय.”

“रविवारी?”

“आमचं पान रविवारीही लागतं बाबा. आमच्याकडं नुसत्या तोंडावर भागत नाही.”

धाकटा हसला होता. त्याचं हसणंसुद्धा असं, की थंडीत कुणी अंगावर शाल टाकावी. त्या शालीचाच थोरल्याला काटा टोचायचा.

आता तो खिडकीपाशी बसला होता आणि त्याच्या खिशात वही होती. तळहाताएवढी, रबर लावलेली. अशा सहा भरल्या होत्या, ही सातवी. प्रत्येक पानावर तीन रकाने: तारीख, काय म्हणाला, बरोबर काय. धाकट्यानं रेडिओवर पहिला सामना सांगितला तेव्हा तेहतिसाव्या मिनिटाचा गोल एकतिसाव्या मिनिटाला घातला होता. ती पहिली नोंद. गेल्या रविवारची दोनशे अकरावी. बायकोला वाटे, ऑफिसचं काहीतरी असेल. कुणाला दाखवायची नव्हती, कुठं पाठवायची नव्हती. दुसऱ्याच्या झाडाची गळलेली पानं वेचावीत आणि आपलं अंगण हिरवं झालं म्हणावं, तसा तो उद्योग होता. पण दोनशे अकरा पानं म्हणजे काही थोडी नव्हेत.

त्याचा स्वतःचा मान होता तो बिनचूकपणाचा. याच्या पानावर छापून आलं की पंचालाही बदलता येत नाही, असं लोक म्हणत. पुढच्या महिन्यात तो निवृत्त होणार होता. ऑफिसनं पितळी पाटी करायला टाकली होती, ‘अचूकतेची तीस वर्षं’. नमुना त्यानंच तपासून दिला होता. त्यात ह्रस्व-दीर्घाच्या दोन चुका निघाल्या.

आणि एक गोष्ट त्यानं घरी कधी सांगितली नव्हती. धाकटा या घरात यायच्याही आधी तो स्वतः रेडिओ केंद्रावर आवाजाची परीक्षा देऊन आला होता. काचेपलीकडच्या बाई फार गोड बोलल्या. “लिहिलंय छान हो तुम्ही. पण आवाज कागदी आहे.” दोन ओळींचं पत्र आलं, ते त्यानं ऑफिसच्या खणात तळाशी घातलं. पुढं त्याच काचेआड, त्यानंच हाताला धरून शिकवलेला पोरगा जाऊन बसला. पोरगा शिकाऊ असताना बातमी मोठ्यानं वाची, म्हणून यानं त्याला ‘भोंगा’ म्हणून चिडवलं होतं. आज त्या कार्यक्रमाचं नावच ‘भोंगा’ होतं. बारसं यानं केलं, पाळणा तिकडं हलला.

पण आज तो इथं येऊन बसला होता तो हेव्यानं नव्हे. आज धाकटा वर्तमानपत्रातली नोकरी कशी गेली ते सांगणार होता. आणि ती कशी गेली, हे जगात दोघांनाच ठाऊक होतं.

रेडिओवर घंटीची धून वाजली. “आला, आला,” सासूबाई म्हणाल्या, जसा काही दारातून आला. थोरल्याच्या बायकोनं घड्या घालायचे कपडे मांडीवरच ठेवले. लेक भिंतीला टेकून गुडघे पोटाशी घेऊन बसली. गेल्याच महिन्यात तिचं पंचविसावं संपलं होतं.

“श्रोतेहो,” धाकटा म्हणाला, आणि खोलीतल्या तिघी एकदमच जरा सैल झाल्या. थोरल्यानं ते पाहिलं. तीस वर्षांत त्याच्या एकाही ओळीनं कुणाचे खांदे असे खाली आले नव्हते.

धाकटा सांगत गेला. सांजदैनिकाचं ऑफिस, शाईचा वास, आणि मास्तर. “माझे साडू, पण त्याआधी माझे मास्तर. ते म्हणत, सामना बघणाऱ्यासाठी लिहू नकोस, ज्याला सुट्टी मिळाली नाही त्याच्यासाठी लिही.”

“बघा, नाव काढलंन तुमचं,” सासूबाई म्हणाल्या.

“नाव कुठं काढलं, मास्तर म्हणाला,” थोरला म्हणाला.

“आता तो शेवटचा सामना,” रेडिओ म्हणाला.

सांजदैनिकाची एक रीत होती. सामना सहाला संपे, पान साडेपाचला छपाईला जाई. म्हणून बातम्या सकाळीच दोन लिहून ठेवत: पांढऱ्या कागदावर जिंकल्याची, पिवळ्यावर हरल्याची. तोवरचा रागरंग सांगणारा मैदानावरून फोन आला, की त्याप्रमाणे गोलांचा आकडा भरायचा आणि एक कागद खाली पाठवायचा, दुसरा टोपलीत. अंतिम सामन्याच्या दिवशी छपाई अर्धा तास थांबवून धरली होती. मैदानावर धाकटा, टेबलावर थोरला. गाव दोन गोलांनी पुढं असल्याचं मघाच्या फोनवर कळलं होतं, दहा मिनिटं उरली होती, आणि दवाखान्यातून निरोप आला होता, बायकोला आत नेलंय, लवकर या. त्यानं घड्याळाकडं पाहिलं, दोन्ही कागदांकडं पाहिलं, पांढरा खाली पाठवला आणि जिना उतरून पळत सुटला. त्या दहा मिनिटांत पाहुण्यांनी तीन गोल केले. रिकाम्या टेबलावर फोन वाजत राहिला. संध्याकाळी रडवेलं गाव घरी परतलं, तर दारात वर्तमानपत्र पडलेलं: जिंकलो.

दुसऱ्या दिवशी संपादकांनी दोघांना उभं केलं. थोरल्याच्या कपड्यांना अजून बाळाचा वास येत होता. कुणी सांगितलं जिंकलो म्हणून, संपादकांनी विचारलं. तो स्वतःच्या चपलांकडं बघत राहिला. आणि धाकटा, तेव्हा सडाफटिंग होता, म्हणाला, “मी. फोनवर मीच चुकीचं सांगितलं.” थोरल्यानं ठरवलं होतं, उद्या सांगू. उद्या-उद्या म्हणता दातांमागं पंचवीस वर्षं साठली.

घरात मात्र त्या चुकीचं विनोदात रूपांतर झालं होतं. दर वाढदिवसाला सासूबाई नातीला म्हणत, “काय बाई पायगुण घेऊन आलीस, काकांची नोकरीच गेली.” आणि धाकटा म्हणे, “नाही हो आई, तिच्याच पायगुणानं रेडिओ मिळाला.” लेक हसे. लहानपणी हसत नसे.

“तर श्रोतेहो,” धाकटा सांगत होता, “घाई माझ्या स्वभावात. सामना संपायच्या आत मी फोन केला आणि म्हणालो, जिंकलो. नोकरी गेली, बरोबरच गेली. चूक माझी होती.”

थोरल्यानं श्वास सोडला. वाचलो, असं आधी वाटलं. दुसऱ्याच क्षणी आतून काहीतरी फणा काढून उठलं. पंचवीस वर्षं झाली, आता विचारायला संपादकही उरले नव्हते, तरी हा खोटंच सांगतोय, आणि किती सुरेख सांगतोय. मोठेपणासुद्धा यानंच घ्यायचा. आवाज त्याचा, नाव त्याचं, आणि आता पापही त्याचंच. आपल्या वाट्याला काय, तोंड दाबून बुक्क्यांचा मार.

सवयीनं हात खिशाकडं गेला. रबर निघालं, पेन्सिल टेकली. तारीख. दुसऱ्या रकान्यात: ‘जिंकल्याचा फोन आपण केला, असं म्हणाला.’ तिसऱ्या रकान्यात त्यानं लिहिलं: ‘तसा फोन आलाच नव्हता. कागद मी पाठवला.’ मग त्यानं ते वाचलं. स्वतःचं अक्षर, वळणदार, बिनचूक. दोनशे बारावी चूक, आणि सगळ्यांत मोठी. हिच्यापुढं मागच्या दोनशे अकरा म्हणजे नुसते एक-दोन मिनिटांचे फरक. आणि हा माणूस सबंध गावादेखत ती करून बसला होता, आणि ती दाखवू शकेल असा जगात एकच जण होता.

“कुठं निघालात?” बायकोनं विचारलं.

“फोन करायला.”

“कुणाला?”

“त्याला. चुकलाय तो.”

फोन बाहेरच्या चिंचोळ्या वाटेत, चपलांच्या फळीवर होता. दोनदा लागला नाही. तिसऱ्यांदा एका मुलीचा आवाज आला. “काय विचारायचंय काका?”

“विचारायचं नाही. चूक दाखवायचीय.”

“बरं. जवळचा रेडिओ बारीक करा, नाहीतर घुमतं.”

त्यानं दार लोटून घेतलं. आतल्या तिघींना तो त्यामुळं दोनदा ऐकू आला: एकदा दारातून जाडसर, आणि एकदा कपाटावरून, स्वच्छ.

“नमस्कार,” धाकटा म्हणाला. “कोण बोलतंय?”

“तुमच्या कार्यक्रमात आज एक चूक झाली आहे,” थोरला म्हणाला. त्याला स्वतःचा आवाज कानात परका लागला. “त्या दिवशी तुम्ही जिंकल्याचा फोन केला नव्हता. कुणीच केला नव्हता. दहा मिनिटं उरली असताना मी पांढरा कागद खाली पाठवला आणि दवाखान्यात पळालो. नंतर तुमचा फोन आला असणार, पण उचलायला टेबलावर मी नव्हतो. संपादकांनी विचारलं तेव्हा मी गप्प बसलो. नोंद दुरुस्त करावी.”

पलीकडं काही नाही. धाकटा नेहमी सांगे, रेडिओवर तीन सेकंद गप्प बसलं तर लोकांना वाटतं यंत्र मेलं. थोरल्याच्या मनगटावर सामन्यांचं घड्याळ होतं. काटा तीनवर गेला, पाचवर, सातवर. आत सासूबाईंनी रेडिओला दोन चापट्या मारल्याचं ऐकू आलं. नऊ. पंचवीस वर्षांत हा गडी पहिल्यांदा गप्प झाला होता, आणि तो आपण केला, हे थोरल्याच्या मनात आल्यावाचून राहिलं नाही.

“मास्तर,” धाकटा शेवटी म्हणाला, अगदी घरातल्यासारखा. “हे तुम्ही उद्या ऑफिसात कसं निस्तराल?”

“ते मी बघीन.”

“पाटी तयार झालीय म्हणे.”

“पितळ आहे. वितळवता येतं.”

धाकटा हसला नाही. “श्रोतेहो, नोंद दुरुस्त. पण तो पांढरा कागद यांनी लिहिला होता, हे यांनी सांगितलं नाही. मला पाठ आहे.” आणि तो म्हणू लागला, सावकाश, जसं जात्यावर बसलेलं कुणी स्वतःशीच म्हणावं: “‘गावात आज संध्याकाळ उतरलीच नाही; अकरा पोरांनी ती खांद्यावर उचलून धरली. दारोदारी आया उभ्या राहिल्या, आणि जिला तिला वाटलं, आपलाच येतोय. आणि एक बाप तेवढा मैदानाकडं पाठ करून पळत होता; त्याच्या घरी त्या दिवशी खरोखरच कुणीतरी जिंकून आलं होतं.’”

थोरल्यानं फोन खाली ठेवला. फळीवरच्या चपला त्यानं उगाच सरळ केल्या. मग आत गेला.

बायको कपड्यांच्या घड्या मोडून पुन्हा घालत होती. “मी बहिणीबहिणींत मिरवलं,” ती त्याच्याकडं न बघता म्हणाली. “सामना संपवून, बातमी देऊन, तरी वेळेवर आले म्हणून. धाकटीच्या नवऱ्याची नोकरी ज्या सामन्यापायी गेली त्याचं, तिच्यासमोर.”



“म्हणजे पायगुण माझा नव्हता तर,” लेक म्हणाली.

“नव्हता.”

“कधीतरी मला एकटीला तरी सांगायचंत, बाबा.” ती उठली, त्याच्याजवळून गेली, पण थांबली नाही. स्वयंपाकघरात भांडं जोरात आदळलं. थोड्या वेळानं तिनं चहाचा कप आणून खिडकीत ठेवला. त्याच्या हातात दिला नाही.

सासूबाई बराच वेळ रेडिओच्या आच्छादनाची टोकं ओढत होत्या. “आवाज वाईट नाही हो तुमचा, जावईबापू,” त्या म्हणाल्या. “जरा कागद चुरगळल्यासारखा वाजतो, एवढंच.”

तो खिडकीपाशी बसला. कपाटावरून धाकटा दुसऱ्या कुणाशी बोलत होता, तिघी ऐकत होत्या, आणि खांदे पुन्हा सैल झाले होते. थोरल्यानं वही उघडली. दोनशे तेरा. तारीख घातली. दुसऱ्या रकान्यात लिहिलं: ‘बाप पळत असल्याचं वाक्य म्हणाला. मूळ बातमीत नाही.’

खरंच नव्हतं. ती बातमी त्यानं सकाळी लिहिली होती, तेव्हा लेक जन्मलीही नव्हती. ते वाक्य धाकट्यानं आत्ता, मनातल्या मनात, नऊ सेकंदांत जुळवलं होतं, आणि सगळ्या बातमीत तेच एक वाक्य असं होतं की थोरल्याला वाटलं, हे माझं असतं तर मी बाकी सगळं फाडून टाकलं असतं.

तिसऱ्या रकान्यावर त्यानं पेन्सिल टेकली. बरोबर काय. चहा निवत गेला. पेन्सिलीचं टोक कागदावर एकाच जागी टेकून टेकून तिथं एक बारीक काळा ठिपका पडला; त्या रकान्यात दुसरं काही उमटलं नाही.