तात्पुरती धून

मालिकेत सासूने मान वळवली की धाडधाड वाजतं ना, ते आमच्या ह्यांचं. वीस वर्षं ह्यांनी सासवांच्या माना वाजवल्या आणि त्यावर आमचं घर चाललं. मग एकदाचा सिनेमा मिळाला आणि स्वारी हवेत.

लवकरच जमिनीवर आली. संगीत तयार होईपर्यंत संकलक दृश्याखाली कुठली तरी जुनी धून तात्पुरती टाकून ठेवतात. ह्या सिनेमात आई रिकाम्या घराला कुलूप लावते, त्या प्रसंगाखालची तसली धून दिग्दर्शिकाबाईंच्या डोक्यात पक्की बसली. ह्यांच्या सगळ्या चाली परत आल्या. "हिच्या जवळपास जाणारं द्या, नाहीतर मला दुसरा माणूस बघावा लागेल," बाई म्हणाल्या. धून कुणाची, ते संकलकालाही आठवेना.

ह्यांनी त्या अनोळखी माणसाचा धसकाच घेतला. जेवणावर लक्ष नाही, बोलणं तुटक. मला राग यायचा आणि काळजीही वाटायची. हा सिनेमा गेला असता तर हे कायमचे खचले असते.

"तूच ऐक," एकदा म्हणाले. "शेवटी ती बासरी कशी चढते बघ! मला जन्मात सुचणार नाही."

बासरी चढली आणि मला हसू आवरेना.

"अहो, बासरी कसली? हा आपला कुकर आहे!"

"काहीतरीच!"

"धाकटी पोटात होती तेव्हाचा. एकाच खोलीत आपला संसार आणि तुमचं रेकॉर्डिंग. नेमकी शेवटच्या सुरावर शिट्टी झाली. पुन्हा करायला वेळ नव्हता, धून तशीच मालिकावाल्यांना पाठवलीत. ती मालिकाही लगेच गुंडाळली."

ह्यांनी धून पुन्हा लावली. डोळे भरून आले. "म्हणजे एवढं चांगलं मी केलं होतं?"

"तुम्हीच. कुकर तेवढा माझा."

बाई फोनवर पोट धरून हसल्या. धून तीच ठरली, पण नव्याने, मोठ्या वाद्यवृंदासह. शेवटच्या सुरापाशी मात्र चांगले चांगले बासरीवाले थकले. अखेर मलाच बोलावणं आलं.

स्टुडिओत शेगडीवर माझा जुना कुकर. व्हायोलिनवाले वाजवून थांबले. सगळा हॉल श्वास रोखून बसला, आणि कुकर नुसता फुसफुसतोय. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी गॅस मोठा करायला हात पुढे केला.

"राहू दे गं," हे म्हणाले. "होऊ दे त्याचं सावकाश. आज घाई नाही."